'करमत नाही' : 'कोसला' आणि नागर अस्वस्थतेचे व्याकरण

भालचंद्र नेमाडे यांची 'कोसला' ही कादंबरी १९६३ साली पुण्याच्या देशमुख आणि कंपनीने प्रसिद्ध केली. तेव्हापासून तिच्याविषयी इतके लिहिले गेले आहे की, आणखी एका लेखाचे प्रयोजन काय, असे कोणी विचारल्यास त्यात वावगे काही नाही. तथापि या लिखाणाचा मोठा भाग एकाच वाटेने गेलेला आहे. पांडुरंग सांगवीकर हा खेड्यातून पुण्याला शिकावयास आलेला तरुण, वसतिगृहाच्या खोलीत त्याची होणारी घुसमट, अभ्यासातील अपयश, वडिलांशी दुरावा, आणि शेवटी गावाकडे परतणे, हे सारे सांगून झाले की टीकाकार 'परात्मता' किंवा 'अस्तित्ववाद' यांपैकी एक संज्ञा त्यावर ठेवतो आणि मोकळा होतो. मग आल्बेर कामूच्या १९४२ सालच्या कादंबरीतील मेर्सो येतो, सॅलिंजरच्या १९५१ सालच्या कादंबरीतील होल्डन येतो, आणि पांडुरंगाला त्यांच्या रांगेत तिसरा म्हणून उभे केले जाते. ही रांग खोटी आहे असे माझे म्हणणे नाही. पण रांगेत उभा केलेला मनुष्य मागून पाहिला तर कोणाहीसारखा दिसतो. त्याचा चेहरा पाहावयाचा तर त्याचे बोलणे ऐकले पाहिजे, आणि ते बोलणे मराठी आहे, ही अगदी साधी गोष्ट या चर्चेत पुष्कळ वेळा बाजूला राहिली आहे.

प्रस्तुत लेखात म्हणूनच तत्त्वज्ञानाऐवजी व्याकरणापासून आरंभ करावयाचा आहे. नेमाडे यांनी साहित्याबरोबर भाषाविज्ञानाचेही रीतसर शिक्षण डेक्कन कॉलेजात घेतले होते, एवढ्यावरून ही पद्धत समर्थनीय ठरते असे नव्हे. लेखकाला भाषाविज्ञान येत असो वा नसो, त्याच्या पात्राची अस्वस्थता ज्या वाक्यरचनांतून आपल्यापर्यंत पोहोचते त्यांचा विचार टीकाकाराला टाळता येत नाही.

'कोसला' वाचलेल्या कोणालाही दोन शब्द आठवतात, 'उदाहरणार्थ' आणि 'वगैरे'. कादंबरी प्रसिद्ध झाल्यानंतर महाविद्यालयीन तरुणांच्या बोलण्यात या शब्दांची साथच आली असे जुने लोक सांगतात. पुष्कळांनी ही पांडुरंगाची लकब मानली, काहींनी उपरोधाचे हत्यार मानले. दोन्ही मते अर्धी खरी आहेत. 'उदाहरणार्थ' हा वर्गातला शब्द आहे. शिक्षक आधी नियम सांगतो, नंतर फळ्यावर उदाहरण मांडतो. म्हणजे या शब्दाच्या आधी काही सिद्धान्त गृहीत असतो. पांडुरंग मात्र आपले वय सांगतानादेखील हा शब्द योजतो. येथे सिद्धान्त कोणताच सांगितलेला नाही, उदाहरण तेवढे पुढे आलेले आहे. मी अमुक वर्षांचा आहे, हे विधान सामान्यतः स्वतःविषयीचे सर्वांत निर्विवाद विधान असते. त्यालाच 'उदाहरणार्थ' जोडले की बोलणारा स्वतः कोणत्या तरी न सांगितलेल्या नियमाचा एक नमुना होतो, आणि त्याच्या जागी दुसरा कोणी असता तरी चालले असते अशी सूचना त्यातून निघते. शहरात दरवर्षी येणाऱ्या हजारो विद्यार्थ्यांपैकी आपण एक आहोत, हजेरीपटावरील एक क्रमांक आहोत, ही जाणीव सांगण्यासाठी लेखकाला एक परिच्छेद खर्च करावा लागला नाही. एक अव्यय पुरले.

'वगैरे' याची कथा अधिक मनोरंजक आहे. हा शब्द अरबीतून फार्सीच्या मार्गाने दफ्तरी मराठीत आला. 'व' म्हणजे 'आणि', आणि 'ग़ैर' म्हणजे 'त्याहून दुसरा, परका'. उर्दूत 'ग़ैर' म्हणजे आपला नव्हे असा माणूस. मराठीत त्याच 'गैर'ला 'अनुचित' असा अर्थ येऊन बसला, शिवाय 'गैरहजर', 'गैरसमज' असे सामासिक शब्द तयार झाले. वाक्याच्या शेवटी 'वगैरे' टाकणारा सामान्य माणूस यादी लांबवण्याचा कंटाळा करीत असतो. पांडुरंगाच्या तोंडी हा शब्द यादी संपवीत नाही, तर आताच उच्चारलेल्या शब्दापासून बोलणाऱ्याला चार पावले दूर नेतो. प्रेम वगैरे, शिक्षण वगैरे, समाज वगैरे, अशी रचना केली की पहिला शब्द दुसऱ्याचा ठरतो. तो व्याख्यानांतून, पाठ्यपुस्तकांतून, वक्तृत्वस्पर्धांतून आलेला आहे, मी तो केवळ हाताळला, असे बोलणारा सुचवितो. व्युत्पत्ती बोलणाऱ्याच्या मनात असते असे कोणताही भाषाभ्यासक म्हणणार नाही, मीही म्हणत नाही. पण परकेपण दाखविण्यासाठी या तरुणाने जो शब्द उचलला त्याच्या पोटात 'परका' हाच अर्थ शतकानुशतके पडून होता, हा योगायोग नोंदण्याजोगा आहे.

आता हे दोन शब्द शेजारी ठेवून पाहावे. एक संस्कृत, वर्गातला. दुसरा अरबी मुळाचा, कचेरीतला. नेमाडे यांचा हा नायक खानदेशातल्या सांगवीचा. त्याच्या घरची बोली यांपैकी कोणत्याही शब्दात नाही. कादंबरीची भाषा सरसकट बोलीची नाही, ती मुख्यतः शिकलेल्या तरुणाच्या बोलण्यातली मराठी आहे, आणि मला वाटते येथेच तिच्या अस्वस्थतेचे खरे ठिकाण आहे. हा तरुण जी भाषा बोलतो ती त्याने मिळविलेली आहे. ती त्याला उत्तम येते. वादविवादात, विद्यार्थी मंडळाच्या कारभारात, खोलीतल्या गप्पांत ती त्याच्या उपयोगी पडते. परंतु तिच्यात त्याला विश्वासाने काही म्हणता येत नाही. म्हणून प्रत्येक वाक्याला तो एक शेपूट जोडतो. पुणे विद्यापीठ १९४९ साली स्थापन झाले, आणि जळगावला स्वतंत्र विद्यापीठ व्हावयास १९९० साल उजाडावे लागले. मधल्या चाळीस वर्षांत खानदेशातून पुण्याला गेलेल्या मुलांच्या दोन पिढ्या झाल्या. त्यांपैकी किती जणांनी पहिल्या सहा महिन्यांत वर्गात तोंड उघडले नसेल याची मोजदाद कोणी केलेली नाही.

आता 'करमणे' या क्रियापदाकडे वळू. ते मी लेखाच्या शीर्षकात घातले, कारण मराठीत या मनःस्थितीचे ते सर्वांत घरगुती नाव आहे. वसतिगृहातून घरी लिहिलेल्या पत्रांत पूर्वी ते हमखास असे, आज दूरध्वनीवर ऐकू येते. 'मला इथे करमत नाही.' या वाक्यात 'मी' नाही, 'मला' आहे. क्रियापद नपुंसकलिंगी एकवचनी आहे आणि ते कोणाशीच जुळत नाही, कारण वाक्यात प्रथमान्त असे काही नाहीच. आपल्या परंपरागत व्याकरणात अशा क्रियापदांना भावकर्तृक म्हणतात. 'उजाडले', 'सांजावले', 'मला मळमळते' ही त्याच गोत्रातली. म्हणजे दिवस उगवणे, संध्याकाळ होणे, पोटात ढवळणे आणि परक्या गावात जीव न रमणे या चार गोष्टी मराठीने एकाच कप्प्यात ठेविल्या. या घटना घडतात. त्या कोणी करीत नाही. सार्त्रने १९३८ साली आपल्या कादंबरीला 'मळमळ' या अर्थाचे नाव देऊन अस्तित्वाच्या अनुभवाला शरीराच्या पातळीवर आणले, याचे युरोपात मोठे कौतुक झाले. मराठी माणसाच्या व्याकरणात या दोन गोष्टी आधीच एका ओळीत बसल्या होत्या. हे अभिमानाने सांगावयाचे नाही, पण विसरावयाचेही कारण नाही.

'करमणे' या क्रियापदाची आणखी एक खोड आहे. ते सहसा नकारात किंवा प्रश्नात येते. 'तुला तिथे करमते का?' असे विचारतात, 'नाही करमत' असे उत्तर येते. 'मला फार करमते' असे वाक्य अशुद्ध नाही, पण ते ऐकल्यावर बोलणाऱ्याकडे आपण वळून पाहू. जी गोष्ट असताना तिचे नाव घ्यावेसे वाटत नाही आणि नसल्यावरच तिला शब्द लागतो, अशी ही गोष्ट आहे. पांडुरंगाच्या कहाणीचा आकार यासारखाच आहे. गावात असताना गावाचे काही विशेष नव्हते. पुण्यात आल्यावर ते नसण्यातून दिसू लागले. आणि परत गेल्यावर तेथेही करमेना, कारण नकार एव्हाना स्थळाला न चिकटता माणसाला चिकटला होता. होल्डनपेक्षा पांडुरंग वेगळा पडतो तो येथे. होल्डन आपल्याच शहरात, न्यूयॉर्कमध्ये, थोडे दिवस भटकतो. त्याला दोन जागांमध्ये निवड करावयाची नाही. पांडुरंगाला दोन जागा आहेत, आणि त्या दोघींनी मिळून त्याला एकही ठेवली नाही.

या वाचनावर एक आक्षेप संभवतो. चतुर्थीची रचना मराठीत सर्वत्र आहे. 'मला भूक लागली', 'मला आठवते', 'मला मुलगा आहे', असे सुखी माणूसही म्हणतो. मग तिच्यावर परात्मतेचा भार का टाकावा? आक्षेप योग्य आहे, आणि त्याचे उत्तर असे की, रचना भार वाहत नसते, निवड वाहते. एकच गोष्ट मराठीत अनेकदा दोन प्रकारे सांगता येते. 'मी अभ्यास केला नाही' आणि 'माझ्याकडून अभ्यास झाला नाही'. 'मी घाबरलो' आणि 'मला भीती वाटली'. पहिल्यात जबाबदारी आहे, दुसऱ्यात घडणे आहे. पांडुरंगाच्या जीवनाचा वृत्तान्त पाहता त्याला पुष्कळ गोष्टी 'होतात'. मेसचा कारभार अंगावर येतो आणि पैसे हातचे जातात. परीक्षा हातची जाते. वर्षे जातात. कर्ता म्हणून स्वतःला वाक्याच्या आरंभी ठेवण्याची त्याची तयारी कमी कमी होत जाते. पंचविशीच्या तरुणाच्या बाबतीत हे लक्षण गंभीर आहे. त्याला आळस म्हणणारे वडील आणि त्याला तत्त्वज्ञान म्हणणारे टीकाकार, दोघेही थोडे घाईत आहेत.

ज्या ठिकाणी हे सारे संरक्षण गळून पडते ते स्थळ म्हणजे धाकट्या बहिणीचा, मनीचा, मृत्यू. 'कोसला'तील हा भाग मराठी कादंबरीतील शोकाच्या अत्यंत थोड्या खऱ्या पानांपैकी एक आहे, हे आता सर्वमान्य आहे. येथे शब्दांपासून दूर उभे राहण्याची सोय उरत नाही, कारण दूर उभा राहिल्याचीच तर शिक्षा मिळाली आहे. तो शहरात होता, ती गेली. नुसता उपरोध असता तर ही कादंबरी दहा वर्षांत जुनी झाली असती. रोजनिशीच्या रूपातील भाग आणि इतिहासलेखनाचे विडंबन यांचे टीकाकारांनी विशेष कौतुक केले आहे. ती पाने चतुर आहेत, आज वाचतानाही हसू येते. पण माझ्या मते त्यांचे खरे मोल मनीच्या प्रकरणाच्या संदर्भात ठरते. ज्या तरुणाने सर्व प्रकारच्या मराठीची नक्कल करून दाखविली त्याला बहिणीसाठी वापरावयास कोणती मराठी उरली, हा प्रश्न ती पाने तयार करून ठेवतात.

त्याच १९६३ साली मराठीत दुसरे एक पुस्तक आले, आणि त्याच्याशेजारी ठेवल्याशिवाय 'कोसला'चे मोजमाप पुरे होत नाही असे मला वाटते. बाबुराव बागूल यांचा 'जेव्हा मी जात चोरली होती' हा कथासंग्रह. शीर्षककथेतला तरुण रेल्वेच्या नोकरीसाठी परमुलखात जातो आणि त्याला राहावयास खोली हवी असते. खोली मिळते ती जात न सांगितल्यामुळे, आणि जात कळल्यावर त्याला मारहाण होते. एकाच वर्षातले हे दोन तरुण आणि त्यांच्या दोन खोल्या. पांडुरंगाला वसतिगृहात खोली आहे, घरून पैसे येतात, आणि त्या खोलीत त्याला करमत नाही. बागुलांच्या नायकाला करमण्या-न करमण्याचा प्रश्न पडण्याइतकी उसंतच नाही. त्याची शांतता हा स्वभाव नव्हे, ती खबरदारी आहे. तोंड उघडले तर छप्पर जाईल.

या शीर्षकाचे व्याकरण मी वर्गात अनेकदा उलगडून दाखविले आहे. येथे 'मला' नाही, 'मी' आहे. पांडुरंगाला न जमलेली गोष्ट या तरुणाने केली आहे, तो कर्ता झाला आहे. परंतु हा कर्मणी प्रयोग आहे. 'चोरली होती' हे स्त्रीलिंगी एकवचनी क्रियापद 'मी'शी जुळत नाही, 'जात' या कर्माशी जुळते. कृती त्याची, पण क्रियापदावर हुकूम जातीचा. बागुलांनी हा विचार करून शीर्षक लिहिले असे मी म्हणत नाही. मराठीत सकर्मक भूतकाळ असाच होतो, दुसऱ्या तऱ्हेने करता येत नाही. पण हे वाक्य एकदा असे ऐकले की मग ते तसेच ऐकू येत राहते. ज्या टीकेने 'कोसला'ला साठोत्तरी तरुणाच्या एकाकीपणाचे प्रातिनिधिक रूप मानले, तिने हे दुसरे पुस्तक वेगळ्या कपाटात, 'दलित साहित्य' या पाटीखाली ठेवले. त्यामुळे दोन्ही पुस्तकांचे नुकसान झाले. शहरातील परकेपण हा एकच अनुभव नाही. कोणाला शहर आपले वाटत नाही, कोणाला शहर आपले म्हणत नाही. पहिल्याला परत जावयास गाव असते, दुसऱ्याने बहुधा गाव सोडलेलेच असते ते तेथे जगणे अशक्य होते म्हणून.

मुंबईविषयी थोडक्यात. भाऊ पाध्ये यांच्या 'वासूनाका'ने (१९६५) जे वादळ उठविले ते अश्लीलतेच्या निमित्ताने. नाक्यावरच्या त्या पोरांना एकटेपणा नाही असे वरवर दिसते, कारण ती सतत घोळक्यात असतात. मुंबईच्या अशा बोलीत मुलगा स्वतःला 'मी' न म्हणता 'आपण' म्हणतो, 'आपल्याला काय', 'आपण नाय पडत त्यात'. 'आपण'मध्ये स्वतः आहे, समोरचा आहे, सारी टोळी आहे. एकट्याने बोलावयाचे धैर्य नसलेला माणूस सर्वनामातच सोबत घेऊन बोलतो. पांडुरंग 'वगैरे'च्या आड जातो, ही मुले 'आपण'च्या आड जातात. अशा तऱ्हेने वाचल्यास पाध्ये यांचा नाका आणि नेमाडे यांचे वसतिगृह एकमेकांपासून फार लांब नाहीत. तरुण मुलींच्या बाबतीत मात्र हा सर्व विचार अपुरा पडतो. 'कोसला'तील स्त्रिया पांडुरंगाच्या नजरेच्या टप्प्यात येतात आणि जातात. खोलीत बसून वर्षे वाया घालविण्याची मुभा ही मुभाच आहे, आणि ती १९६३ मध्ये किती मुलींना होती हे सांगावयास नको. कमल देसाई यांच्या कथांतील स्त्रियांची अस्वस्थता समजून घेण्यास वेगळे व्याकरण मांडावे लागेल, ते काम या लेखाच्या आवाक्याबाहेरचे आहे.

आजच्या तरुणाच्या भाषेबद्दल लिहिताना वृद्धांना हळहळ करण्याची सवय असते. मी ती करणार नाही. उलट मला त्या भाषेत जुन्या व्याकरणाची आश्चर्यकारक चिकाटी दिसते. पुण्यातील सदाशिव पेठेत, नवी पेठेत स्पर्धा परीक्षांचा अभ्यास करणारी जी मुले 'कॉट बेसिस'वर राहतात आणि मेसच्या डब्यावर जेवतात ती म्हणतात, 'टेन्शन आलंय', 'बोअर होतंय', 'लो वाटतंय'. शब्द इंग्रजी, पण चौकट चतुर्थीचीच. इंग्रजीत माणूस स्वतः कंटाळलेला असतो. मराठीत आल्याबरोबर तो 'मला' होतो आणि कंटाळा त्याच्याकडे चालून येतो. ताप येतो, राग येतो, तसे टेन्शन येते. आलेली गोष्ट जाईल अशी आशा त्या क्रियापदातच आहे. 'डिप्रेशन'चे मात्र दोन प्रयोग ऐकू येतात. 'त्याला डिप्रेशन आलं' हा एक आणि 'तो डिप्रेशनमध्ये गेला' हा दुसरा. दुसऱ्यात ते स्थळ झाले आहे, दार असलेली खोली झाले आहे. माणूस प्रथमान्त झाला खरा, पण चालत गेला तो आत. मित्राविषयी बोलताना मुले हा प्रयोग करतात, स्वतःविषयी क्वचित. स्वतःविषयी बोलावयाची वेळ आली की 'काही नाही, असंच' एवढेच उत्तर येते.

अवधूत डोंगरे यांच्या २०१२ सालच्या पुस्तकाचे नाव 'स्वतःला फालतू समजण्याची गोष्ट' असे आहे. त्यास साहित्य अकादेमीचा युवा पुरस्कार मिळाला. या नावात कर्ता नाही, काळ नाही, पुरुष नाही. 'समजण्याची' हे कृदन्त आहे, आणि 'स्वतःला' हे कोणाचेही 'स्वतः' असू शकते. पन्नास वर्षांपूर्वीच्या नायकाला निदान आपले नाव, आडनाव आणि वय सांगावे लागले होते, मग त्यामागे तो 'उदाहरणार्थ' लावो. येथे तेवढीही गरज उरलेली दिसत नाही. हा फरक केवळ एका लेखकाच्या शैलीचा आहे की भाषेत काही सरकले आहे, हे ठरविण्यास एक पुस्तक पुरणार नाही.

विभागातील अध्यापकांना एक गोष्ट सुचवावीशी वाटते. पहिल्या वर्षाला येणाऱ्या विद्यार्थ्याच्या निबंधात 'पाणी भेटले' असे लिहिलेले असले की आपण तांबडी शाई उचलतो. ती जरूर उचलावी, प्रमाणभाषा शिकविणे हे आपले काम आहे. परंतु त्याच निबंधात पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत 'मी' हा शब्द एकदाही आलेला नाही, सारी वाक्ये 'असे म्हटले जाते' आणि 'असे दिसून येते' अशी आहेत, हे आपल्या लक्षात येते का? ते बहुधा शुद्ध म्हणून निसटते आणि त्याला गुणही चांगले मिळतात. येत्या सत्रात 'कोसला' अभ्यासक्रमात आहे. तिच्यावरील प्रश्नपत्रिकेत 'परात्मतेची संकल्पना स्पष्ट करा' या नेहमीच्या प्रश्नाऐवजी, 'वगैरे' हा शब्द ज्या वाक्यांत आला आहे आणि ज्यांत तो यावयास हवा होता पण आला नाही अशी वाक्ये शोधा, असा प्रश्न घालून पाहावयास हरकत नाही.